चोवीस तास घरात राहणाऱ्या मावशी आणि आपण : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मी लातूरची. २०१४ मध्ये सासूबाईंना अर्धांगवायू झाला, तेव्हा अहमदपूरकडच्या एका खेड्यातून एक मावशी आमच्याकडे राहायला आल्या आणि सात वर्षं राहिल्या. त्या काळात मी काही गोष्टी नीट केल्या, बऱ्याच चुकवल्या. आता गल्लीतल्या, शाळेतल्या, नात्यातल्या बायका ‘म्हातारीजवळ बाई ठेवायची आहे, कसं करू’ असं विचारतात. दुपारी कट्ट्यावर बसणाऱ्या मावशीही विचारतात, त्यांचे प्रश्न वेगळे असतात. दोन्हीकडचे प्रश्न इथे एकत्र ठेवले आहेत.

त्या आमच्या घरातल्याच आहेत. मग पगार, सुट्टी, कामाचे तास ही भाषा कशाला?

हा प्रश्न सगळ्यात जास्त येतो. मीही वर्षानुवर्षं हेच म्हणत होते, म्हणून उत्तर जरा सविस्तर देते.

माझ्या माहेरी सालगडी होता. पाडव्याला त्याचं साल ठरायचं : इतके पैसे, इतकी ज्वारी, एक धोतरजोडा, आणि आधी घेतलेली उचल त्यातून वजा. वडील पाहुण्यांना सांगायचे, ‘हा घरचाच आहे.’ तो आमच्या लग्नकार्यात राबला, आजोबांच्या मयतीला रडला. पण जेवायला तो ओसरीच्या खाली बसायचा, आणि रात्री-अपरात्री बैल सुटला तर हाक त्यालाच जायची. वडील वाईट माणूस नव्हते. त्यांना यात काही विसंगत आहे असं वाटतच नव्हतं.

आम्ही वाडा सोडून फ्लॅटमध्ये आलो आणि ती रीत सोबत घेऊन आलो. मराठवाड्यातल्या बहुतेक शहरी घरांचं असंच आहे. एक पिढी मागे शेत, सालगडी आणि मुकादम, आणि आज तिसऱ्या मजल्यावर स्वयंपाकघरात झोपणारी मावशी. रात्री अकराला पाहुण्यांचा चहा हवा असला की ती ‘घरातलीच’ असते. कपाटाची किल्ली, घरातल्या फोटोतली जागा, आजारपणातला खर्च निघाला की तीच ‘बाहेरची’ होते. हे दोन्ही शब्द तिला ऐकू जातात. कुठला शब्द कधी येतो, हेही तिला पाठ असतं.

माया असेल तर ती राहू द्या. पण पगार किती, कामाचे तास कोणते, सुट्टी कधी, हे आधी बोला आणि वहीत लिहा. आमच्याकडे हे पाचव्या वर्षी झालं. त्यानंतर आमच्यातलं धुसफुसणं निम्म्यावर आलं, कारण कोण कुणावर उपकार करतंय हा प्रश्नच उरला नाही.

पगार कसा ठरवायचा? जेवणखाण, राहणं आमच्याकडेच असतं.

गल्लीत धुणं-भांड्याचा जो दर आहे, त्याला कामांनी गुणून चोवीस तासांचा पगार निघत नाही. एक दिवस नुसतं घड्याळ बघून लिहा. आमच्या मावशी साडेपाचला उठायच्या. सासूबाईंचं तोंड धुणं, पॉट, स्पंजिंग, चहा, गोळ्या, मग स्वयंपाकाला हात, दुपारी कूस बदलणं, संध्याकाळी मालिश. रात्री साडेदहाला आडव्या झाल्या तरी दोन वेळा उठणं ठरलेलं. मी हे कागदावर उतरवलं तेव्हा सोळा तासांच्या वर गेलं. ते बघून मला स्वतःचीच लाज वाटली आणि पगार वाढवला.

जेवणाचे पैसे पगारातून कापू नका. ती तुमच्या घरात राहते ते तुमच्या गरजेसाठी, रात्री कुणीतरी हाकेला हवं म्हणून. आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेनं २०११ मध्ये घरकामगारांसाठी १८९ क्रमांकाचा करार केला. त्यात पगार महिन्यातून किमान एकदा थेट पैशांत, आठवड्याला सलग चोवीस तास विश्रांती आणि वस्तूंच्या रूपातल्या मोबदल्यावर मर्यादा, अशा साध्या गोष्टी आहेत. भारतानं तो अजून मान्य केलेला नाही. पण आपल्या घरापुरता तो मान्य करायला कुणाची परवानगी लागत नाही.

पगार तिच्या स्वतःच्या खात्यावर टाका. नवऱ्याच्या, भावाच्या, ज्यानं तिला आणून सोडलं त्याच्या हातात देऊ नका.

आजारी पडल्यावर खाडा कापायचा का?

नाही. तुमची सासू उचलताना तिची कंबर धरली, तर डॉक्टरचा खर्चही तुमचाच.

उचल दिली आहे. फिटेपर्यंत तिला जाऊ न देणं बरोबर आहे का?

बरोबर नाही, आणि कायद्यातही बसत नाही.

ऊसतोडीच्या टोळ्यांमुळे आपल्याकडे उचल हा शब्द लहान पोरालाही कळतो. मुकादम दिवाळीच्या आधी कोयत्यामागे, म्हणजे एका जोडप्यामागे, पैसे देतो, जोडपं सहा महिने कारखान्यावर जातं, फड संपल्यावर हिशोब होतो, आणि बऱ्याचदा उचल अंगावरच राहते. तेच गणित आपण घरात आणतो. लेकीच्या लग्नाला तीस हजार दिले, आता ‘पैसे फेड आणि जा’ म्हणतो. वेठबिगार पद्धती निर्मूलन कायदा १९७६ चा आहे. कर्जाच्या बदल्यात माणसाला कामाला बांधून ठेवणं हा त्याखाली गुन्हा आहे, त्याला तीन वर्षांपर्यंत कैद आहे, आणि ते बांधून घेणारं कर्जही रद्द ठरतं. तक्रार जिल्हाधिकारी किंवा उपविभागीय अधिकाऱ्यांकडे जाते.

उचल द्यायची तर अशी द्या : रक्कम, तारीख, दर महिन्याला कापायचा हप्ता, तिच्या वहीत आणि तुमच्या वहीत. व्याज नको. हप्ता एवढाच ठेवा की उरलेल्या पगारातून तिला गावाकडे पैसे पाठवता येतील. तिनं मध्येच काम सोडलं तर उरलेले पैसे हे उसने दिलेले पैसे. ते मागायचे तर मागा, पण आधार कार्ड, पिशवी किंवा पगार अडकवून नाही.

सणावाराला नेमकी सुट्टी मागतात. तेव्हाच तर आपल्याला गरज असते ना?

त्यांनाही तेव्हाच गरज असते.

येळवसचं सांगते. वेळ अमावस्येला लातूर, धाराशिवकडे शहरं ओस पडतात, सगळे शेतात. कडब्याची कोप करायची, पाच दगडांचे पांडव मांडायचे, अंबील, भज्जी, उंडे. आम्ही दरवर्षी गाडी भरून शेतावर जायचो आणि सासूबाईंजवळ मावशी थांबायच्या. त्या म्हणायच्या नाहीत काही. आम्ही संध्याकाळी त्यांच्यासाठी डबा आणायचो आणि मनात धरायचो की त्यांचीही येळवस झाली. चौथ्या वर्षी मी डबा त्यांच्या हातात दिला, तर त्यांनी झाकण उघडलं, पाहिलं, पुन्हा लावलं आणि ओट्याच्या कोपऱ्यात ठेवला. म्हणाल्या, ‘शेतात बसून खायाचं असतंय ते, मॅडम.’

त्यांचं स्वतःचं दीड एकर होतं. दीर कसत होता. चार वर्षं त्यांनी अमावस्येला स्वतःच्या बांधावर पाय ठेवला नव्हता, आणि हे मला ठाऊक नव्हतं, कारण मी विचारलंच नव्हतं.

पुढच्या वर्षीपासून येळवसला मी घरी थांबले. वर्षाच्या सुरुवातीला कॅलेंडर घेऊन बसा. तिचे चार दिवस तिला खुणा करायला सांगा : येळवस, पोळा, महालक्ष्म्या, गावची जत्रा, काय असेल ते. त्या दिवसांसाठी बदली बाई, नणंद, मुलगा, कोण थांबणार ते आत्ताच ठरवा. शिवाय आठवड्याला एक दिवस मोकळा. ‘मोकळा’ म्हणजे घरात बसून मटार सोलणं नव्हे. तिला बाहेर जाता आलं पाहिजे.

त्या फार वेळ बाथरूममध्ये लावतात. कसं सांगावं?

आमच्या घरी हीच तक्रार होती. मुलगा दार वाजवायचा, नवरा कुरकुर करायचा. मीही एकदा चिडून बोलले.

मग एका दुपारी लक्षात आलं. मावशींचं अंथरूण सासूबाईंच्या कॉटखाली, त्यांची पिशवी स्वयंपाकघरातल्या मांडणीच्या मागे, साडी बदलायची तर सगळे बाहेर जायची वाट बघायची. आमच्या तीन खोल्यांच्या घरात आतून कडी लावता येईल अशी त्यांच्या वाट्याची एकच जागा होती, ती बाथरूम. घरच्यांशी फोनवर बोलायला, रडायला, दोन मिनिटं कुणी हाक मारू नये म्हणून त्या तिथे बसायच्या. नळ नुसता चालू ठेवायच्या, आवाज बाहेर येऊ नये म्हणून. पाणीटंचाईच्या लातुरात तो नळ आम्हाला फार खटकायचा.

आम्ही मागची कोठी रिकामी केली. खोली कसली, सहा बाय सात. एक पंखा, एक खिळ्यांची पट्टी, एक कुलूपवालं लोखंडी कपाट, आणि आतून कडी. बाथरूमची तक्रार आठवड्यात संपली. वेगळी खोली शक्य नसेल तर किमान एक कुलूपबंद कप्पा द्या, आणि दुपारचे दोन तास असे ठरवा की ती दार लोटून पडली तर कुणी हाक मारणार नाही.

पाणी आठ-आठ दिवसांनी येतं. सगळं भरून ठेवायचं काम त्यांच्याकडेच असतं. ते चालेल ना?

मराठवाड्यात हे वेगळं काम आहे आणि ते वेगळं मोजायला हवं. २०१६ चा उन्हाळा लातूरकर विसरणार नाहीत. एप्रिलमध्ये मिरजेहून रेल्वेनं पाणी आलं, तोवर आणि त्यानंतरही टँकरच्या मागे धावणं होतं. टँकर रात्री दोनला आला तर मावशी उठायच्या. चौदा घागरी वर, मग पहाटे पुन्हा सासूबाईंचं सुरू. आणि त्याच दिवसांत आमच्या घरात कुणाची अंघोळ रोज आणि कुणाची एक दिवसाआड हे ठरलं, तेव्हा पहिलं नाव मावशींचं निघालं. हे मी आज लिहिताना हात थांबतो. पाणी जिनं भरलं तिच्याच बादलीला कात्री लागली होती.

पाण्याची रात्र असेल तर दुसऱ्या दिवशी सकाळची विश्रांती. घागरी घरातल्या तरुण मुलांनीही उचलाव्यात. आणि तुटवडा असेल तर तो सगळ्यांना सारखा.

त्यांचा कप, ताट वेगळं ठेवतो. स्वच्छतेसाठी. त्यात काय चुकलं?

स्वच्छतेचं कारण असतं तर तिनं केलेली भाकरी तुम्ही खाल्ली नसती आणि तिच्या हातून आईला अंघोळ घातली नसती.

हे जातीचं आहे. बाई ठेवताना पहिला प्रश्न ‘आडनाव काय’ हा आपण कशासाठी विचारतो ते आपल्याला माहीत असतं. संविधानाच्या १७ व्या कलमानं अस्पृश्यता संपवली. १९८९ च्या अत्याचार प्रतिबंधक कायद्याखाली अनुसूचित जाती-जमातीच्या माणसाचा जातीवरून चारचौघांत अपमान केला तर गुन्हा दाखल होऊ शकतो. पण पोलिसात जाण्याच्या कितीतरी आधी माणूस आतून दुखावलेलं असतं. खिडकीत पालथा घातलेला तो एक स्टीलचा पेला त्या घरात येणारी प्रत्येक बाई पहिल्या दिवशीच ओळखते.

शिळ्याचंही तेच. घरात सगळेच शिळी भाकरी दुधात कुस्करून खात असतील तर प्रश्न नाही. शिळं फक्त एकाच ताटात जात असेल तर आहे.

वस्तू सापडत नाही. पिशवी तपासावी का?

नाही. आधी दोन दिवस शोधा, घरातल्या प्रत्येकाला विचारा, धुण्याच्या बादलीपासून देवघरापर्यंत. तरी संशय राहिला तर पोलिसांत रीतसर तक्रार द्या. स्वतः झडती घेणं, खोलीत कोंडणं, गल्लीसमोर दरडावणं यातलं काहीही करू नका. कुणालाही कोंडून ठेवणं हा भारतीय न्याय संहितेच्या १२७ व्या कलमाखाली गुन्हा आहे. स्त्रीची झडती पोलिसांतही स्त्रीच घेते, आणि अपवाद सोडता सूर्यास्तानंतर तिला अटक करत नाहीत.

एक गोष्ट मावशींना सांगते. कामाला लागताना आपली पोलिस पडताळणी झाली तर ती अपमान समजू नका, फक्त एक झेरॉक्स आपल्याजवळ ठेवा. आणि मालकांना सांगते, पहिल्याच दिवशी दागिने कुलपात ठेवा. उघड्यावर ठेवून नंतर तिच्याकडे बघणं हा तिच्यावर अन्याय आहे.

घरात कॅमेरा बसवला तर चालेल?

आजारी माणसाच्या कॉटवर बसवा, तिला सांगून. ती झोपते किंवा कपडे बदलते तिथे कधीही नाही.

गावाकडची एक मुलगी आहे, बारा वर्षांची. आईबाप उसाला जातात. आमच्याकडे राहील, शाळेत घालू, थोडं घरात हातभार लावेल. हे तर पुण्याचं काम आहे ना?

हा प्रश्न विचारणाऱ्यांचा हेतू बहुतेकदा खरोखर चांगला असतो, म्हणूनच स्पष्ट लिहिते : करू नका.

चौदा वर्षांखालच्या मुलांना घरकामाला ठेवण्यावर १० ऑक्टोबर २००६ पासून बंदी आहे. २०१६ च्या दुरुस्तीनंतर शिक्षा सहा महिने ते दोन वर्षं कैद, किंवा वीस ते पन्नास हजार दंड, किंवा दोन्ही. कायद्यानं शाळा सांभाळून स्वतःच्या कुटुंबाला मदत करायची सूट दिली आहे, पण त्यात आईबाप, भावंडं, काका, आत्या, मामा, मावशी एवढेच येतात. ‘आमच्या गावची’ म्हणजे कुटुंब नाही.

कायदा बाजूला ठेवला तरी पुढे काय होतं ते मी शिक्षिका म्हणून पाहिलं आहे. पहिले दोन महिने मुलगी शाळेत येते. मग घरात पाहुणे, मग परीक्षा जवळ आल्यावर घरच्या मुलाचा डबा, मग ‘अभ्यासात तिचं डोकंच नाही’. वर्गात ती मागच्या बाकावर झोपते, कारण सकाळी पाचला उठलेली असते. हजेरीपटावर नाव असतं, मुलगी नसते.

खरंच मदत करायची असेल तर तिचं वसतिगृह बघा. ऊसतोड कामगारांच्या मुलांसाठी संत भगवानबाबा शासकीय वसतिगृह योजना आहे, मुलींसाठी कस्तुरबा गांधी बालिका विद्यालयं आहेत. कागद गोळा करून द्या, प्रवेशाला सोबत जा, दिवाळीला आईबाप कारखान्यावर असतील तर तिला चार दिवस घरी आणा, पाहुणी म्हणून. आणि कुठे लहान मूल कामाला असलेलं दिसलं तर १०९८ वर फोन करा.

मावशी विचारतात : घरातला पुरुष वाईट वागला तर कुणाला सांगायचं? तिथंच तर राहते मी.

२०१३ चा लैंगिक छळाविरुद्धचा कायदा घरकाम करणाऱ्या बाईलाही लागू आहे. दुसऱ्याचं घर हे तुमचं कामाचं ठिकाण आहे असं त्यात लिहिलं आहे. प्रत्येक जिल्ह्यात एक स्थानिक समिती असते. घटनेपासून तीन महिन्यांच्या आत तिथे लेखी तक्रार द्यायची. लिहिता येत नसेल तर लिहून घ्यायला मदत करणं हे समितीचं काम आहे. घरकामगाराच्या बाबतीत सकृतदर्शनी तथ्य दिसलं तर समितीनं सात दिवसांत प्रकरण पोलिसांकडे पाठवायचं असतं. तातडीला ११२, महिलांसाठी १८१.

राहण्याचा प्रश्न मोठा आहे हे खरं. म्हणून कामाला लागायच्या आधीच ठरवून ठेवा, रात्री बाहेर पडावं लागलं तर शहरात कुणाकडे जाता येईल. त्या बाईचा नंबर तोंडपाठ करा. फोन हातात असेलच असं नाही.

नोंदणी केल्यानं काय मिळतं?

महाराष्ट्रात घरेलू कामगार कल्याण मंडळाचा कायदा २००८ चा आहे. १८ ते ६० वयाच्या घरकामगारांची नोंदणी जिल्ह्याच्या कामगार कार्यालयात होते. आधार, पासबुक, फोटो आणि मालकाचा दाखला लागतो. प्रसूतीसाठी, अंत्यविधीसाठी मदत, आणि ५५ वर्षं पूर्ण झालेल्यांना १० हजार रुपये सन्मानधन असे लाभ दिले गेले आहेत. नोंदणी चालू ठेवावी लागते, एकदा करून विसरायची नाही. केंद्र सरकारच्या ई-श्रम या असंघटित कामगारांच्या पोर्टलवरही नाव घाला.

बऱ्याच बायकांचं घोडं मालकाच्या दाखल्यापाशी अडतं. ‘उद्या माझ्यावर हक्क सांगेल’ या भीतीनं लोक सही देत नाहीत. ती सही द्या. आणि प्रधानमंत्री सुरक्षा विमा योजनेचे वर्षाचे २० रुपये तिच्या खात्यातून कापले जातील एवढं बघा, दोन लाखांचा अपघात विमा आहे तो.

‘उलट बोलायला लागली आहे’, यावर उपाय?

ती काय म्हणते ते एकदा पूर्ण ऐकून घ्या. बहुतेकदा ती हिशोब विचारत असते.

आजी गेल्या. आता त्यांना काय सांगायचं?

हा प्रश्न आधीच विचारून ठेवा, कारण म्हातारं माणूस जातं त्याच दिवशी तिचं काम आणि राहायची जागा दोन्ही जातात. बहुतेक घरांत तेराव्याचे सगळे स्वयंपाक तिच्याकडून होतात आणि चौदाव्या दिवशी तिला रिक्षात बसवतात.

सासूबाई २०२१ मध्ये गेल्या. मावशींनी त्यांची सात वर्षं सेवा केली होती, आमच्यापेक्षा सासूबाईंचं अंग मावशींना जास्त माहीत होतं. दहाव्याला कावळा शिवायला नातेवाईक गोळा झाले, तेव्हा त्या मागे भांडी घासत होत्या. मी त्यांना पुढे बोलावलं, तर एक चुलत सासरे म्हणाले, ‘तिचं काय काम इथं?’ मी त्यांना उत्तर दिलं नाही, नुसता मावशींचा हात धरून उभी राहिले. त्या थरथरत होत्या.

त्यानंतर आम्ही असं केलं : तीन महिन्यांचा पगार, सात वर्षांच्या कामाचा वेगळा मोबदला, आणि दुसरं काम मिळेपर्यंत त्या कोठीत राहण्याची मुभा. तीन महिने कमी होते असं आज वाटतं. वर्षाला पंधरा दिवसांचा पगार हा हिशोब पहिल्यापासून वेगळा काढून ठेवला असता, तर ती रक्कम आमच्या मर्जीवर राहिली नसती.

मावशी विचारतात : काम सोडताना काय काय मागून घ्यावं?

शेवटच्या दिवसापर्यंतचा पगार. उचलीचा हिशोब लिहून, दोघींच्या सहीनं. आधार, रेशन कार्ड, पासबुक, एटीएम, जे जे मालकांकडे ‘सांभाळायला’ दिलं असेल ते सगळं. किती वर्षं काम केलं याचा दाखला, तारखांसह. भिशीचे पैसे मॅडमकडे जमा असतील तर तेही. बँकेत घातलेला मोबाइल नंबर मालकाचा असेल तर निघायच्या आधी बदलून घ्या, नंतर त्यासाठी पुन्हा त्याच दारात जावं लागतं.